गिऱ्हाईक खोळंबलंय

कॉम्प्युटरवरच्या हॉटेल चालवायच्या गेममध्ये स्वयंपाक असा कुणी करतच नाही. पिझ्झा, बर्गर, सुशी, टाको ही नुसती सजावट. आत चालतं ते इतकंच: चार जण थांबलेत, हात दोन आहेत, आधी कुणाचं घ्यायचं? ‘फ्लॅश’ या जुन्या सॉफ्टवेअरवर चालणाऱ्या, ब्राउझरमध्ये उघडणाऱ्या त्या फुकटच्या गेमनी हाच प्रश्न नाना वेषांत विचारला. ज्यांना तो शाळा-कॉलेजच्या वयात विचारला गेला, ती पोरं आज तिशीत पोचलीत आणि तेच गेम पुन्हा शोधत बसलीत. एवढी ओढ कशाची? चित्रं बेताचीच होती, संगीत तर दहा मिनिटांत डोकं उठवायचं. माझं मत असं, की त्या खेळातली घाई प्रामाणिक होती. तिच्यातून सुटायचं तर कामाचा क्रम नीट लावायचा, दुसरा रस्ता नाही. पैसे टाकून पुढे जाता येत नव्हतं, आणि मालकाच्या ओळखीचा म्हणून कुणाला आधी मिळत नव्हतं. (कोल्हापुरात हे दुसरं काटेकोर पाळणारं हॉटेल सापडणं कठीणच.)

प्रकार तसा जुना. 1983 च्या ‘टॅपर’ या आर्केड गेममध्ये चार लांबलचक काउंटर, त्यावरून पुढे पुढे सरकणारी गिऱ्हाइकं, आणि त्यांच्याकडे ग्लास घसरवत सोडणारे आपण. रिकामा ग्लास परत घसरत आला आणि पकडायला हात पोचला नाही, की तो फुटलाच. पण पुढच्या सगळ्या हॉटेल-गेमचा साचा घालून दिला तो ‘डायनर डॅश’ने. गेमलॅब या कंपनीने तो बनवला, प्लेफर्स्टने बाजारात आणला, साल 2003-04 च्या सुमाराचं. शेअर बाजाराच्या नोकरीला कंटाळलेली फ्लो नावाची बाई स्वतःचं हॉटेल काढते, एवढीच कथा. कथा कुणी वाचतही नव्हतं.

फ्लोचं काम ठरलेलं: गिऱ्हाईक टेबलावर बसवायचं, ऑर्डर घ्यायची, चिठ्ठी किचनच्या खिडकीत लावायची, तयार ताट उचलायचं, टेबलावर ठेवायचं, बिल घ्यायचं, उष्टी भांडी उचलून टाकायची. एका वेळी हातात दोनच वस्तू. प्रत्येक गिऱ्हाइकाच्या डोक्यावर लाल बदाम, ते एकेक करून विझत जातात. संपले की गिऱ्हाईक तणतणत निघून जातं. इथवर साधं आहे. खरी मेख बोनसात आहे. एकच काम लागोपाठ केलं की गुण चढत्या क्रमाने मिळतात. एका टेबलाची ऑर्डर घेतली आणि लगेच दुसऱ्याचीही घेतली, तर दुसरीचे जास्त, तिसरीचे त्याहून जास्त. मध्ये एखादं ताट पोचवलं की साखळी तुटली.

म्हणजे गेम तुम्हाला दोन उलट गोष्टी एकदम सांगतो. लवकर वाढा, कारण बदाम विझतायत. आणि थोडं थांबा, कारण शेजारचं टेबल त्याच टप्प्यावर आलं की दोन्ही एकदम उरकता येतील. नवखा खेळाडू बोलावणं येईल तिकडे पळतो आणि चौथ्या-पाचव्या लेव्हलला गुदमरतो. मुरलेला खेळाडू मुद्दाम एका टेबलाला ताटकळत ठेवतो. पण कुणाला ठेवायचं हे त्याने आधी पाहिलेलं असतं: म्हातारी गिऱ्हाइकं सोशिक असतात, ऑफिसवाल्यांना दम नसतो, पण टीप तेच बरी देतात. रांगेतली माणसं फारच चुळबुळायला लागली, तर दारापाशी जाऊन दोन शब्द बोलले की त्यांचे बदाम भरतात. खुर्च्यांचे रंगही डोक्यात ठेवावे लागतात. लाल माणूस लाल खुर्चीवर बसवला की जादा गुण, आणि खुर्चीचा रंग शेवटी बसून गेलेल्याप्रमाणे बदलतो. इतक्या गोष्टी एकाच वेळी सांभाळणं हा खेळ, हे ज्याने खेळून पाहिलं नाही त्याला सांगून पटत नाही.

हे सगळं बिनचूक चाललेलं पाहायचं असेल तर रविवारी सकाळी कोल्हापुरातल्या कुठल्याही गर्दीच्या मिसळीच्या दुकानात काउंटरवरच्या माणसाचे हात पाहावेत. ऑर्डर तोंडी येते, “तीनला दोन, पाचला चार, एक बिनकांद्याची.” तो सहा डिश ओळीने मांडतो. आधी सहाही डिशमध्ये मटकीची उसळ, मग सहाही डिशमध्ये फरसाण आणि शेव, मग पाचांत कांदा, मग सगळ्यांवर कोथिंबीर. एक डिश पूर्ण करून दुसरी घेतली असती तर दर डिशला हात चार डब्यांकडे फिरला असता. इथे डबा एकदाच उघडतो. डायनर डॅशमध्ये ज्याला साखळीचे गुण मिळतात, ते इथे हाताला सवयीने आलेलं असतं.

कट मात्र शेवटी, डिश टेबलाकडे निघताना. कट आधी ओतून ठेवला तर दोन-तीन मिनिटांत फरसाणाचा लगदा होतो, आणि त्या डिशला मग काही केल्या जीव येत नाही. तर्री ही आणखी वेगळी अडचण. ती पातेल्यात वर तरंगते. पळी वरच्यावर फिरवत राहिलं तर पहिल्या दहा-बारा डिश लालभडक जातात आणि पुढच्यांच्या वाट्याला पातळ रस्सा येतो. तळातून ढवळत राहिलं तर रंग सगळ्यांना सारखा, पण वर तवंग दिसत नाही, आणि तवंग नसलेली मिसळ कोल्हापुरात कुणी गप्प खात नाही. म्हणून जाणता हात पळी आधी खाली बुडवतो आणि वर येताना तवंग कापत आणतो. त्यात मध्येच एका टेबलावरून “ओ दादा, कट आणा की!” अशी हाक येते. कट फुकट, त्यामुळे त्या फेरीचा पैसा नाही, पण ती टाळली तर गिऱ्हाईक गेलं. ब्रेडच्या स्लाईसची बशी घेऊन निघालेल्या पोऱ्याच्या दुसऱ्या हातात म्हणूनच कटाचं भांडं असतं. हात दोन, वस्तू दोन.

डायनर डॅश तसा विकत घ्यायचा गेम. सायबर कॅफेतल्या पोरांनी खरे खेळले ते पूर्ण फुकट असलेले. त्यात सगळ्यात मोठं घराणं ‘पापा लुई’चं. अमेरिकेतल्या ओहायो राज्यात मॅट नेफ आणि टोनी सोलारी यांनी फ्लिपलाइन स्टुडिओज काढला. 2007 मध्ये ‘पापाज पिझ्झेरिया’ आला, 2010 मध्ये ‘बर्गेरिया’, 2011 मध्ये ‘टाको मिया’ आणि ‘फ्रीझेरिया’, आणि पुढे रांगच लागली. यांनी साचा बदलला. फ्लोला सगळं हॉटेल एका पडद्यावर दिसतं. इथे प्रत्येक कामाची खोली वेगळी. पिझ्झेरियात चार: ऑर्डर, टॉपिंग, ओव्हन, कापणी. एका खोलीत असताना दुसऱ्या खोलीत काय जळतंय ते दिसत नाही.

हा न दिसण्याचा भागच मला या मालिकेतला सगळ्यात हुशार वाटतो. ओव्हनमध्ये पिझ्झा टाकला की तबकडीवर काटा फिरू लागतो. कुठे थांबवायचा ते चिठ्ठीवर खुणेने लिहिलेलं. कमी भाजला असेल तर आणखी ठेवता येतो. जास्त भाजला तर उलटा फिरवता येत नाही. म्हणून शंका आली की आधी ओव्हनकडे वळायचं, हा पहिला नियम. दुसरा नियम कुणी सांगत नाही, तो अंगावर आल्यावर कळतो: ऑर्डर घेताना गिऱ्हाईक एकेक पदार्थ सांगत असतं तेव्हा काही सेकंद आपण अडकलेलो असतो, मध्ये उठून जाता येत नाही. तर ते सेकंद वाया घालवू नयेत. आधी पिझ्झा ओव्हनमध्ये सरकवावा आणि मग दारातल्या नव्या माणसाकडे जावं. म्हणजे तो बोलत असताना भाजणं चालू राहतं. पण काटा खुणेच्या जवळ आलेला असताना मात्र ऑर्डर घ्यायला जाऊ नये. बहुतेक करपलेले पिझ्झे त्या एका अधीर क्लिकने करपतात.

टॉपिंगलाही असंच. पाव भागावर चार मशरूम सांगितले असतील तर चारच, आणि त्याच पाव भागात. संख्या बरोबर असली तरी सगळे एका कोपऱ्यात कोंबले तर गुण कापले जातात. कापणीच्या खोलीत चार, सहा की आठ तुकडे ते चिठ्ठी सांगते. पहिली रेघ मध्यातून गेली नाही तर पुढच्या सगळ्या तिरक्या पडतात. बर्गेरियात चिठ्ठी खालून वर वाचायची, कारण बर्गर तसाच रचला जातो. घाईत वरून वाचलं की सगळा बर्गर उलटा. फ्रीझेरियात मिक्सरचा काटा: जाडसर, मध्यम की एकदम गुळगुळीत. शेवटी प्रत्येक खोलीचे वेगळे गुण दिसतात, वाट पाहण्याचेही, आणि त्यावर टीप. आपण नेमके कुठे कमी पडलो हे पदार्थ गिऱ्हाइकाच्या हातात देताच आकड्यात समोर. कुठल्या ऑफिसात एवढा स्वच्छ हिशेब संध्याकाळी मिळतो?

सुशीवाला गेम, ‘सुशी गो राउंड’, याहून साधा आणि माझ्या मते जास्त निर्दय. ओनिगिरीला दोन भात, एक नोरी (समुद्री शेवाळाचा पातळ कागद). कॅलिफोर्निया रोलला एक भात, एक नोरी, एक माशाची अंडी. गुनकानला तेच, फक्त अंडी दोन. पाककृती पाठ व्हायला पाच मिनिटं लागतात. मात देतं ते सामान. भात संपत आला की फोन लावून मागवायचा. साधी डिलिव्हरी फुकट पण सावकाश, तातडीची हवी तर पन्नास डॉलर जादा. नवा खेळाडू भात संपल्यावर फोन करतो. तोवर तीन गिऱ्हाइकं तोंड वाकडं करून बसलेली असतात, मग तातडीची डिलिव्हरी, मग नफा गेला. जाणकार माणूस चार-पाच भात उरलेले असतानाच फुकटची डिलिव्हरी मागवतो. रिकाम्या ताटल्या उचलायला विसरलात तर जागा अडून राहते आणि नवं गिऱ्हाईक बसत नाही. हेही कुणी मोठ्याने सांगत नाही.

हे गेम एका ठराविक लेव्हलला अचानक का कोसळतात, याचं उत्तर रांगांच्या गणितात आहे. गिऱ्हाईक कधी येईल याचा भरवसा नाही आणि कामाला लागणारा वेळही कमी-जास्त, असं धरा. हात 80 टक्के वेळ कामात असतील तर दुकानात सरासरी चार जण असतात. 90 टक्क्यांना नऊ. 95 टक्क्यांना एकोणीस. म्हणजे कामाचा भार 80 वरून 95 टक्क्यांवर गेला आणि गर्दी जवळपास पाचपट झाली. गेम करणाऱ्याला नवं काही रचावं लागत नाही. दोन गिऱ्हाइकांमधलं अंतर थोडं कमी करायचं, बस्स. खेळणाऱ्याला वाटतं आपला हात मंदावला. हात तोच असतो. जॉन लिटल यांनी 1961 मध्ये सिद्ध केलेला नियम याच घरातला: दुकानातली माणसं म्हणजे येण्याचा वेग गुणिले सरासरी थांबण्याचा वेळ. दर अर्ध्या मिनिटाला एक जण येतोय आणि प्रत्येक जण दोन मिनिटं थांबतोय, तर आत चार जण असणारच. गर्दी कमी करायची तर थांबण्याचा वेळ कमी करा, नाहीतर दार बंद करा. रविवारी साडेनऊला मिसळीच्या दुकानाबाहेर जी पोरं उभी दिसतात ती याच सूत्रातली.

मिसळीचा असा गेम कुणी केला तर? खोल्या चार: उसळ, कोरडं, कट, ब्रेड. पिझ्झेरियात वेळ ओव्हनमध्ये मोजला जातो; इथे तो डिश तयार झाल्यावर मोजावा लागेल. कट ओतल्यापासून दीड मिनिटाचा काटा, तो संपला की गुण निम्मे. पातेल्यातल्या तर्रीची वेगळी पट्टी, पळी कुठून घातली त्यावर कमी होणारी. आणि दर तिसऱ्या टेबलाकडून कटाची फुकट फेरी, जिचे गुण नाहीत पण चुकली तर बदाम जातात. शेवटच्या लेव्हलला बाहेरगावचं कुटुंब आणावं: “तिखट कमी करा.” तर्री बाजूला काढून ढवळलेला रस्सा वाढायचा, आणि तोही अशा वेळी जेव्हा पातेल्यात तर्रीच उरलेली असते. लई अवघड होईल, पण न्याय्य असेल.

आता त्या कॅफेंबद्दल, कारण आठवण गेमची असली तरी तिचा निम्मा भाग मशीनचा आहे. राजारामपुरीच्या गल्ल्यांत, कॉलेजांच्या आसपास प्लायवूडच्या खोपट्यांत चालणारे ते कॅफे. तासाला पंधरा-वीस रुपये, अर्ध्या तासाचे वेगळे. हे गेम तिथे चपखल बसले, कारण गेममधला एक दिवस काही मिनिटांचा असतो आणि अर्ध्या तासात चार-पाच दिवस दुकान चालवून होतं. पण खेळ जपून राहतो तो दिवस संपल्यावरच. भारनियमनाच्या काळात दुपारी दिवे गेले आणि बॅटरीने दम सोडला, तर तो दिवस पहिल्यापासून.

जपलेला खेळ राहायचा कुठे, तर त्याच मशीनवर. फ्लॅश प्लेअर ‘लोकल शेअर्ड ऑब्जेक्ट’ नावाची छोटी फाइल लिहायचा, परवानगी न मागता 100 किलोबाइटपर्यंत. पापाच्या गेममध्ये अशा तीन जागा असत, म्हणजे एका मशीनवर तिघांची दुकानं. म्हणून पोरं ठराविक नंबरच्या मशीनसाठी रांगेत थांबायची. चौथा आला की कुणाचं तरी दुकान पुसलं जायचं. ती फाइल साइटच्या नावाशी बांधलेली, त्यामुळे तोच गेम दुसऱ्या साइटवर उघडला तर सगळं कोरं. आणि काही कॅफेत रीस्टार्ट झालं की मशीन मूळपदावर आणणारं सॉफ्टवेअर घातलेलं असायचं; तिथे कितीही खेळा, उद्या पहिला दिवस.

जुन्या मशीनचा एक फायदाही होता. पुष्कळ फ्लॅश गेममधली घड्याळं खऱ्या वेळेवर न चालता फ्रेमवर, म्हणजे पडद्यावर एकामागून एक येणाऱ्या चित्रांवर, चालायची. सेकंदाला 30 फ्रेम धरून लिहिलेला गेम दमलेल्या पेंटियमवर 15 फ्रेमने चालला, की ओव्हनही निम्म्या वेगाने आणि गिऱ्हाइकाचा रागही निम्म्या वेगाने. माउस मात्र पूर्ण वेगाने. त्या मशीनवरचे विक्रम चांगल्या मशीनवर टिकत नसत, ते यामुळे. उलट गेम अडखळत असेल तर पडद्यावर राइट क्लिक करून ‘क्वालिटी’ कमी करायची; कडा खरबरीत दिसायच्या पण हात मोकळा व्हायचा.

आज मोबाइलवर स्वयंपाकाचे गेम ढिगाने आहेत आणि दिसायला कितीतरी सुबक. बऱ्याच गेममध्ये हिरे असतात. चूल लवकर हवी, हिरे द्या. लेव्हल हरलात, हिरे देऊन तीस सेकंद घ्या. सुशीच्या तातडीच्या डिलिव्हरीलाही पैसे पडायचे, पण ते पन्नास डॉलर सुशी विकूनच कमावलेले असायचे. हिरे येतात वडिलांच्या यूपीआयवरून. आणि वेळ विकायचाच असेल तर तो आधी दुर्मीळ करावा लागतो. म्हणून लेव्हल अशी रचतात, की क्रम कितीही नीट लावला तरी चार सेकंद कमी पडावेत. रांगेचं गणित तेच, फक्त त्याच्याशी झुंजायचं तर खिशात हात घालावा लागतो.

जुने गेम मेले ते मात्र या कारणाने नाही. फ्लॅशमध्ये सुरक्षेची भोकं निघत राहिली, आयफोनने तो कधी घेतलाच नाही, आणि जुलै 2017 मध्ये फ्लॅशची मालक कंपनी अडोबीने तो बंद करणार असल्याचं जाहीर केलं. 31 डिसेंबर 2020 ला आधार संपला आणि 12 जानेवारी 2021 पासून खुद्द प्लेअरनेच फ्लॅश चालवायला नकार दिला.

तरी ते खेळता येतात. सोपा मार्ग इंटरनेट आर्काइव्हचा: तिथे नोव्हेंबर 2020 पासून फ्लॅशचा संग्रह आहे आणि तो ‘रफल’ या इम्युलेटरवर, म्हणजे फ्लॅशची नक्कल करणाऱ्या सॉफ्टवेअरवर, ब्राउझरमध्येच चालतो. काही उतरवायचं नाही. आवाज आला नाही तर पडद्यावर एकदा क्लिक करा. आजकालचे ब्राउझर क्लिकशिवाय आवाज सोडत नाहीत. आर्काइव्हवर न सापडलेल्यासाठी ‘फ्लॅशपॉइंट’ हा कॉम्प्युटरवर उतरवून घ्यायचा जुन्या गेमचा संग्रह आहे. त्याची ‘इन्फिनिटी’ आवृत्ती घ्या, ती निवडलेला गेमच उतरवते. ‘अल्टिमेट’ आवृत्तीला अख्खी मोठी हार्ड डिस्क लागते.

अडतं कुठे, तर काही गेम मूळ साइटचं नाव तपासतात आणि दुसरीकडे उघडले की काळा पडदा दाखवतात; फ्लॅशपॉइंटवर हे बहुधा सोडवलेलं असतं. रफलमध्ये जपलेला खेळ ब्राउझरच्या लोकल स्टोरेजमध्ये राहतो, म्हणजे प्रायव्हेट विंडोत खेळलात किंवा साइटचा डेटा साफ केलात तर दुकान गेलं. त्यावर उपाय आहे: गेमवर राइट क्लिक करून सेव्ह मॅनेजर उघडायचा आणि फाइल उतरवून ठेवायची. दुसऱ्या लॅपटॉपवर तीच फाइल परत घालता येते, जे कॅफेच्या काळात पोरांना सहसा जमत नसे. आणि ‘फ्लॅश प्लेअर अपडेट करा’ असं कुठलीही साइट म्हणाली, तर ती बंद करा. अपडेट करायला आता काही उरलेलं नाही, त्यामागे व्हायरसच असतो.

विकत घ्यायची तयारी असेल तर फ्लिपलाइनने 2023 मध्ये ‘फ्रीझेरिया डिलक्स’ स्टीम या गेमच्या ऑनलाइन दुकानात आणला आहे. एकदाच पैसे, आत हिरे नाहीत. पण पहिल्यांदाच खेळणार असाल तर सुशीपासून सुरुवात करा, आणि चार भात उरलेत तोवर फोन लावा.